सोळा घरांची बरोबरी

कानात यंत्रं बसवली आणि तबल्याचा सूर मोडायला लागला. माणसांचं बोलणं मात्र स्वच्छ ऐकू यायचं. सून स्वयंपाकघरात काय पुटपुटते तेही कळायला लागलं, आणि ते नसतं कळलं तर बरं, असंही एकदोनदा वाटलं. पण तबल्याच्या काठावर बोट मारलं की नाद सरळ उभा राहायचा नाही. पाण्यात धरलेल्या काठीसारखा मधेच वाकायचा. यंत्र देणाऱ्या बाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, ही यंत्रं बोलणं ऐकण्यासाठी केलेली आहेत, लांबलेला नाद त्यांना शिट्टी वाटते आणि ती तो दाबायला बघतात. यंत्रं काढली तर तबला चार घरं पलीकडे वाजतोय असं वाटायचं.

सोलापुरात मी चाळीस वर्षं तबल्यांना पुड्या, म्हणजे तोंडावरची कातडी, चढवल्या. इथे परदेशात, टूनगॅबीला मुलाकडे, रविंद्रकडे, राहायला आलो तरी गॅरेजमध्ये हातोडी चालूच राहिली. त्या आठवड्यात जवळच्या कॅसल हिलचा विवेक त्याचा तबला नव्या पुडीसाठी ठेवून गेला होता. शनिवारी गायिका शोभाताईंना तो साथ करणार होता. त्यांचा सूर काळी एक, पेटीची पहिली काळी पट्टी, आणि तबला त्यालाच लागायला हवा. तबला ठेवून घेतानाच मी मनाशी ठरवलं की हा जमला नाही तर हातोडी कायमची ठेवायची. दुसऱ्याच्या मैफलीचा बेरंग करायचा मला हक्क नाही. हे मी घरात कुणाला बोललो नव्हतो. रविंद्र तर वाटच बघत होता, "बाबा, आता पुरे" म्हणायला.

गुरुवारी दुपारी पुडी चढवून झाली. माझी नात नुपूर गॅरेजच्या कोपऱ्यात लॅपटॉप घेऊन बसली होती. ती युनीत तत्त्वज्ञानात पीएचडी करते. घरात बसलं की तिची आई दर अर्ध्या तासाने काहीतरी खायला आणते, म्हणून ती गॅरेजमध्ये येते.

"आज काय चाललंय?" मी विचारलं.

"तेच. माझे पाद्री."

साडेतीनशे वर्षांपूर्वी इंग्लंडच्या एका विद्यापीठात काही शिक्षक होते, पेशाने पाद्री. त्यांना जुन्या ग्रीकांच्या विचाराचं वेड होतं. त्यांच्या काळातले दुसरे विद्वान म्हणत, माणसाचं मन जन्मतः कोरी पाटी असतं आणि त्यावर जे काय लिहिलं जातं ते डोळे आणि कान लिहितात. हे पाद्री म्हणत, नाही. एवढं मला नुपूरकडून आधीच कळलेलं होतं.

"कोरी पाटी म्हणणारे पाटीवर कधी शिकले असतील?" मी म्हणालो.

"लहानपणीच ना."

"मी एकावन्नाव्या वर्षी शिकलो, साक्षरता वर्गात. मास्तर 'ळ' काढून द्यायचे. माझा ळ कुठे बिघडला ते मला मास्तरांच्या आधी दिसायचं. पाटी कोरी होती गं. मी नव्हतो."

"आजोबा! हे मी फुटनोटमध्ये घालू?"

"घाल. पण नाव नीट लिही. तुझ्या बापाने व्हिसाच्या फॉर्मवर चुकवलं होतं."

ती हसली. मग म्हणाली, "बघा, दोन काठ्या सारख्या आहेत असं आपण म्हणतो. पण नीट मोजल्या तर जगात कुठल्याच दोन काठ्या अगदी सारख्या नसतात. मग 'अगदी सारखं' म्हणजे काय, हे कळलं कुठून? डोळ्यांनी तर ते कधी पाहिलेलंच नाही. हे लोक म्हणतात, डोळा-कान फक्त दार वाजवतात. बरोबरी आतून उठून येते."

मी हातोडी खाली ठेवली.

"आणि कान गेला तर? आतलं राहतं?"

तिने माझ्याकडे पाहिलं आणि लॅपटॉप मिटला. "त्यांच्या मते राहतं."

"त्यांच्यापैकी कुणी तबला लावला होता?"

"नाही."

"मग बघू या."

मी यंत्रं काढून डबीत ठेवली. तबल्याच्या कडेला चामड्याची वेणी असते, तो गजरा. खालून वर ताणलेल्या चामड्याच्या पट्ट्यांमुळे, म्हणजे वाद्यांमुळे, त्याची सोळा घरं होतात. प्रत्येक घराचा सूर समोरच्या घराशी आणि मग सगळ्यांशी जुळला पाहिजे. एक जरी खाली राहिलं तरी नाद गुरगुरतो. मी हनुवटी तबल्याच्या लाकडी खोडाला टेकवली आणि एकेका घरावर बोट मारत, गजऱ्याला हातोडीने हलके ठोके देत गेलो. ऐकू फार थोडं येत होतं. पण दोन घरांत फरक असला की तो टोचायचा. कुठे टोचायचा ते सांगता येणार नाही. तासभर गेला असेल. मग टोचणं थांबलं.

यंत्रं परत कानात घातली. नुपूरने फोनवर सूर मोजायचं काहीतरी लावून सोळाही घरं तपासली.

"सगळी सेम! सुई हलतच नाहीये, आजोबा." मग ती थोडी घुटमळली. "पण हा काळी एक नाहीये. पांढरी एक आहे. अख्खा अर्धा सूर खाली."

मी स्टुलावर बसलो. काळी एक मी झोपेतून उठून सांगायचो. गिऱ्हाईक पेटी आणायला विसरलं तरी माझं अडायचं नाही.

नुपूर मात्र उभी राहिली होती. "पण आजोबा, हे तर परफेक्ट आहे! काळी एक कुठला सूर, हे माणसांनी ठरवलं. ते तुम्ही कानाने शिकलात, कानाबरोबर गेलं. बरोबरी कुणी ठरवली नाही. ती राहिली!"

"तुझ्या पाद्र्यांचं जमलं," मी म्हणालो. "माझं नाही जमलं."

ती जवळ येऊन बसली. "सॉरी. आणि खरं सांगू? सिद्ध काहीच झालं नाही. कोरी पाटीवाले म्हणतील, चाळीस वर्षं ऐकून बरोबरीची सवय झाली, ती आत मुरली."

"त्यांचंही खोटं नाही."

"मग तुम्हाला काय वाटतं?"

"मला वाटतं, विवेकला फोन करावा."

विवेक ऑफिसमधून परस्पर आला. मी त्याला सरळ सांगितलं, तबला एकसारखा आहे, पण खाली आहे, आणि किती खाली ते मला कळलं नाही. यापुढे कळणारही नाही.

"नो वरीज, काका, चढवतो मी," म्हणत त्याने हातोडी घेतली आणि वाद्यांखालचे लाकडी गट्टे एकेक करून ठोकले. मग गजऱ्यावर चौफेर ठोके दिले. सूर चढला. पण काठावर बोट मारताच त्याचं तोंड वाकडं झालं.

"च्यायला. सगळा विस्कटला."

"पाच वर्षं वाजवतोयस ना रे?" मी म्हणालो.

"वाजवतो, काका. लावून तुम्ही देता."

नुपूर खुदकन हसली. मला हसू आलं नाही. मी त्या तबल्याकडे बघत होतो. विवेककडे सुराची उंची होती, माझ्याकडे बरोबरी, आणि दोघांनाही अर्धंच येत होतं.

"एक काम कर," मी म्हणालो. "एकच घर काळी एकला आण. पाहिजे तर फोनात बघ. बाकीच्यांना हात लावू नकोस."

त्याने एक घर आणलं. दोनदा पुढे गेला, दोनदा मागे आला, मग सुई थांबली. मी यंत्रं काढली, हनुवटी टेकवली आणि ते घर धरून उरलेली पंधरा त्याच्याकडे आणत गेलो. विवेक समोर मांडी घालून बसला होता. मधेमधे त्याचे ओठ हलायचे. टोचणं पुरतं थांबेपर्यंत मी लक्ष दिलं नाही.

यंत्रं घातल्यावर कळलं, तो विचारत होता, पुढच्या महिन्यात मित्राचाही तबला आणू का.

"आण," मी म्हणालो. "पण नुसता ठेवून जायचं नाही. पहिलं घर लावायला तू समोर बसायचंस."