जळालेल्या पंपाची जबानी

मित्रांनो, मी एक जुना पंप आहे, आणि जळालेला आहे. दोन्ही गोष्टी आधीच सांगून टाकतो, म्हणजे माझ्याकडून कसली आशा ठेवायला नको. मी तुमच्या तळहातात मावेन एवढाच आहे. वर तारा जोडायची खाच, खाली पाणी ओढायचं तोंड, आणि बाजूला पाणी फेकायची आखूड नळी. मोटारीच्या पुढच्या दिव्यांवर पाण्याचा फवारा मारून त्यांच्यावरचा चिखल धुणं, हे माझं काम होतं. आता मी एका खिडकीत बसून असतो, आणि आठवड्यातून एकदा कोणीतरी माझ्याच अंगावरची धूळ पुसतं.

माझा जन्म एका मोठ्या कारखान्यात झाला. तांब्याची बारीक तार गुंडाळून माझी मोटर केली, पोटात छोटी पाती बसवली, आणि शेवटी एका बाईने मला पाण्याच्या टबात बुडवून चालवून पाहिलं. शेजारी उभ्या असलेल्या नव्या मुलीला ती म्हणाली, "याला कोरडा कधी फिरवायचा नाही. पाणी आहे तोवर हा थंड राहतो. पाणी नसेल तर जळून जाईल बिचारा." बिचारा म्हणणारी माझ्या आयुष्यातली ती पहिली आणि शेवटची.

मग मला एका मोटारीत बसवलं. पुढच्या चाकामागे पाण्याची टाकी होती आणि तिला आम्ही दोन पंप चिकटलेलो होतो. धाकटा समोरच्या काचेवर पाणी मारायचा आणि मी थोरला दिव्यांवर. धाकट्याचं काम सोपं. स्टिअरिंगजवळची दांडी ओढली की तो चालू, मग दिवस असो वा रात्र. मला मात्र अट होती. पुढचे दिवे लागलेले असतील तरच माझ्यापर्यंत वीज यायची. दिवे बंद असताना भर उन्हात कोणी दांडी उपटून हातात घेतली असती, तरी मी हललो नसतो. पाणी उगाच वाया जाऊ नये म्हणून गाडी बनवणाऱ्यांनीच तसं करून ठेवलं होतं. एवढी एक गोष्ट लक्षात ठेवा. ती लक्षात न ठेवल्यामुळेच पुढचं सगळं झालं.

पहिला मालक दगडखाणीवर मुकादम होता. तो भल्या सकाळी धुक्यात निघायचा, त्यामुळे दिवे लागलेलेच असायचे. खाणीच्या रस्त्यावरून परतताना गाडी चिखलाने माखलेली असायची, दिवे मात्र लख्ख. खाणीवरची माणसं म्हणायची, "साहेबांच्या गाडीचे दिवे बघा, काय चमकतात!" साहेब मिशीत हसायचे. पाणी मी मारायचो आणि नाव दिव्यांचं व्हायचं, पण तरुणपणी असल्या गोष्टी मनाला लागत नाहीत. नऊ वर्षं मी तसा राबलो. टाकीत शेवाळ धरलं, तरी मी कुरकुर केली नाही.

मग मुकादमाची बदली झाली. जाताना त्याने गाडी धाकट्या बहिणीला दिली. ती जनावरांची डॉक्टर होती. भावाने तिला किल्ली दिली, कागदपत्रं दिली, चाकात हवा किती भरायची तेही सांगितलं. दिवे लावल्याशिवाय दिव्यांवर पाणी येत नाही, एवढं सांगायचं तेवढं राहिलं.

गाडी ज्या गॅरेजात जायची तिथे दोनच माणसं होती. मालकाला सगळे वस्ताद म्हणायचे. नुसता आवाज ऐकून ते इंजिनाचं दुखणं ओळखायचे, आणि ते खोटं नव्हतं. पण एकदा ओळखलं म्हणजे ओळखलं. ब्रह्मदेव आला तरी वस्ताद शब्द मागे घेणार नाहीत. दुसरा माणूस त्यांच्या हाताखाली बावीस वर्षं काम करणारा. कुठल्याही बोल्टाला हात घालण्याआधी तो "सबूर" म्हणायचा आणि चारी बाजूंनी बघून घ्यायचा, म्हणून त्याचं नावच सबूर पडलं होतं. वस्तादांना त्याचा राग यायचा आणि त्याच्यावाचून चालायचंही नाही.

डॉक्टरीणबाईंनी गाडी सर्व्हिसिंगला दिली तेव्हा सबूरने आमची टाकी खोलली. जुन्या दात घासायच्या ब्रशने त्याने शेवाळ काढलं, माझी जाळी धुतली, मला रबराच्या बुचात पुन्हा घट्ट बसवलं. टाकी गळ्यापर्यंत भरली, आणि मगच माझ्या तारा जोडल्या. मित्रांनो, हे मी शपथेवर सांगतो. माझ्या अंगाला लागलेल्या हातांत त्याच्याइतका जपणारा हात दुसरा नव्हता.

आठ दिवसांनी भर दुपारी बाई परत आल्या. म्हणाल्या, "वस्ताद, काचेवर पाणी येतं, पण दिव्यांवर येतच नाही. अंगणात उभी करून दहा वेळा बघितलं."

वस्ताद सीटवर बसले आणि त्यांनी दांडी ओढली. धाकट्याने काच भिजवली. दिवे बंद होते, मी गप्प. वस्तादांना निदान करायला अर्धं मिनिटही लागलं नाही.

"पंप जळालाय," ते म्हणाले. "सबूर, गेल्या खेपेला टाकी कोणी खोलली होती?"

"मी खोलली होती."

"मग कोरडा फिरवला असशील."

"नाही वस्ताद. पाणी भरल्याशिवाय मी तारा जोडल्याच नाहीत."

"मग काय भुताने जाळला?"

"सबूर, वस्ताद. एकदा दिवे लावून बघू या. मला वाटतं, याची वीज दिव्यांवरून येत असेल." असं म्हणत सबूरने खिडकीतून आत हात घातला. दिव्यांचं बटण त्याच्या बोटांपासून वीतभर लांब होतं.

वस्तादांनी किल्ली काढली आणि खिशात टाकली. "दिव्यांचा आणि पाण्याचा काय संबंध? गिऱ्हाइकासमोर मला शिकवतोस? बावीस वर्षं नुसतं सबूर सबूर करून माझं डोकं खाल्लंस. स्वतःची चूक कबूल करायला जीभ जड होते का रे?"

सबूर बाईंकडे बघेना. त्याने फडक्याला हात पुसले. "माझा शब्द खोटा वाटत असेल, तर मग राहून काय करू?" तो म्हणाला.

"दार उघडंच आहे," वस्ताद म्हणाले.

चोर सोडून संन्याशाला सुळी म्हणतात. इथे तर चोरीच झाली नव्हती. बिघाड कुठेच नव्हता, ना माझ्यात, ना तारांत, ना सबूरच्या हातात. पण सबूर गेला. त्याच दिवशी वस्तादांनी मला टाकीतून उपटून टेबलावर टाकलं. दोन गॅरेजवाल्यांचे फोन आले, सबूर कामासाठी विचारतोय म्हणून. वस्ताद दोघांनाही म्हणाले, "ठेवायचा तर ठेव बाबा. पण माणूस कामात हलगर्जी झालाय. गिऱ्हाइकाचा पंप जाळला त्याने." बावीस वर्षांत कमावलेलं नाव दोन फोनांत गेलं.

वस्तादांनी नवा पंप बसवला आणि दुपारी दांडी ओढली. नवाही गप्प. मला टेबलावरून सगळं दिसत होतं, आणि खोटं कशाला बोलू, मला हसू आलं. वस्तादांनी फ्यूज बदलला. रिले बदलला. फवाऱ्यांच्या भोकांत टाचणी घालून पाहिली, नळी काढून तोंडाने फुंकली. दोन दिवस नुसतं साप साप म्हणून भुई धोपटणं चाललं होतं.

तिसऱ्या दिवशी दुपारीच आभाळ भरून आलं आणि शेडमध्ये अंधारलं. गाडी आत घ्यायची म्हणून वस्तादांनी दिवे लावले, आणि काच धुळकट दिसली म्हणून दांडी ओढली. बंपरमधून दोन फवारे उठले आणि समोरची भिंत भिजली.

 वस्तादांनी दिवे बंद करून दांडी ओढली. काही नाही. दिवे लावले, ओढली. फवारा. तीन वेळा त्यांनी तेच केलं. मग उतरून माझ्याकडे आले, मला पाण्याच्या बादलीत धरलं आणि बॅटरीच्या तारा लावल्या. मी असा जोर लावला की पाणी छताच्या पत्र्याला जाऊन लागलं. मित्रांनो, मला फार आनंद झाला. वाटलं, सुटला आपला सबूर! आता त्याला निरोप जाणार.

वस्तादांनी फोन उचललाही. नंबर लावला, आणि पलीकडे घंटा वाजायच्या आत बंद केला. पुन्हा उचलला, पुन्हा ठेवला. तेवढ्यात डॉक्टरीणबाई गाडी न्यायला आल्या. वस्ताद त्यांना म्हणाले, "नवा पंप घातलाय. हा नवा आहे ना, तो दिवे लावूनच चालवायचा असतो. लक्षात ठेवा." बाईंनी दिवे लावून बघितलं आणि खूश झाल्या. "वस्ताद, तुमच्या हाताला तोड नाही," असं म्हणून त्या गेल्या.

दुसऱ्या दिवशी सबूरचाच फोन आला. फोन टेबलावर होता, म्हणून मला ऐकू आलं. चार वाजता तो आपली हत्यारं न्यायला येणार होता. शेवटी तो म्हणाला, "वस्ताद, तो जुना पंप फेकू नका. मला एकदा माझ्या हाताने बघायचाय. जीवाला चैन नाही हो."

"ये," वस्ताद म्हणाले.

त्यानंतर त्यांनी काय केलं ते सांगताना आजही माझ्याच्याने धड बोलवत नाही. त्यांनी मला टेबलाच्या कडेला बसवलेल्या लोखंडी शिकंज्यात आवळलं, बॅटरीच्या तारा लावल्या, आणि पाणी दिलं नाही. मी फिरू लागलो. वस्ताद रस्त्याकडे तोंड करून स्टुलावर बसले. माझा आवाज चिरका झाला, पाती पोटाला घासू लागली, तारेवरचा लेप वितळून धूर निघाला. त्यांनी मागे वळून पाहिलं नाही. आवाजावरून दुखणं ओळखणारा माणूस तो, केव्हा उठायचं ते त्यांना बरोबर कळलं. माझी धडधड थांबली तसे ते उठले. सबूरच्या हाताला मी गरम लागू नये म्हणून त्यांनी मला बादलीत बुडवून गार केलं, आणि फडक्याने पुसून फळीवर ठेवलं.

सबूर चारला आला. त्याने आधी मलाच उचललं. खाचेतल्या पिना पॉलिश कागदाने घासल्या, मला पाण्यात धरलं, तारा लावल्या. मी हललो नाही. तारा उलटसुलट करून पाहिल्या, पान्याच्या दांड्याने हलकेच ठोकून पाहिलं. मग मला नाकाशी नेलं आणि वास घेतला.

"जळालाय," तो म्हणाला.

वस्ताद भिंतीकडे बघत होते. "मी तेच म्हणत होतो."

"चुकलं माझं, वस्ताद. तारा जोडलेल्या राहिल्या असतील माझ्याकडून. मला अगदी पक्कं आठवत होतं, की आधी पाणी भरलं. कसं काय आठवत होतं, देव जाणे. त्या बाईंसमोर तुम्हाला उलट बोललो मी. मनात ठेवू नका."

मित्रांनो, तेव्हा शेडमध्ये तिसरं कोणी नव्हतं. सबूर खाली बसून हत्यारं पिशवीत भरत होता, आणि त्याला चांगली दहा मिनिटं लागली. एक वाक्य बोलायला दहा मिनिटं खूप झाली. वस्ताद बोलले, पण ते निराळंच. "झालं गेलं विसरून जा. चूक माणसाकडूनच होते. उद्यापासून ये कामाला."

सबूरने मान हलवली. "नको वस्ताद. तुमचा मोठेपणा आहे. पण आज पंप गेला, उद्या कुणाच्या ब्रेकचा बोल्ट सैल राहील माझ्या हातून. आता माझाच माझ्यावर भरवसा नाही." मग त्याने विचारलं, "हा पंप मी नेऊ का?" वस्तादांनी नेऊ दिला. त्यांना आता माझी भीती नव्हती.

तेव्हापासून मी सबूरच्या खिडकीत आहे. तो एका गोदामाच्या फाटकावर बसतो, येणाऱ्या ट्रकांचे नंबर लिहितो. शेजारच्या कोणाची गाडी सुरू होत नसली, तर तो दार लावून घेतो. त्याची बायको कधी कधी मला पुसता पुसता म्हणते, "अहो, तुम्ही पंप कोरडा फिरवाल हे मला नाही पटत. वस्तादांचंच काही चुकलं असेल." त्यावर सबूर म्हणतो, "नाही गं, त्यांना बोल लावू नकोस. मी स्वतः बॅटरीला लावून बघितलाय."

मित्रांनो, वस्तूंची काळजी घ्या, टाकीत पाणी भरा, जाळी साफ ठेवा, असं मी तुम्हाला सांगायला हवं. पण पंप गेला तर दुसरा मिळतो. तुम्ही कुणावर खोटा आळ घेतला असेल आणि ते तुम्हाला कळून चुकलं असेल, तर तो माणूस दारात उभा आहे तोवर त्याला सांगा. लाज वाटली तरी सांगा. तो स्वतःच्या तोंडाने "चुकलं माझं" म्हणून निघून गेला, की मग त्याला निर्दोष ठरवायला कोणी उरत नाही. एक मी उरलोय, आणि मला बोलता येत नाही.