टाचणी लावलेली नोट

"आधी ही टाचणी काढा मावशी, मग नोट घेते," काचेमागची मुलगी म्हणाली.

पाल्मामावशीने नोटेकडे पाहिलं, मुलीकडे पाहिलं आणि पुढे केलेली नोट हलकेच मागे ओढून घेतली.

आमच्या मागे बँकेच्या दारापर्यंत रांग होती. फेब्रुवारी सरत आला होता आणि त्याच्याबरोबर आमचा लिराही जाणार होता; पुढे फक्त युरो चालणार होता. लोकांनी गाद्यांतून, बरण्यांतून, मेलेल्यांच्या कोटांच्या खिशांतून नोटा शोधून आणल्या होत्या. लिराच्या काळात आम्ही सगळेच लखपती होतो आणि सगळेच गरीब. मागे उभा असलेला एक म्हातारा कोळी सगळ्यांना सांगत होता की नव्या पैशात शून्यं गेली, आणि शून्यांच्या आडून आपले पैसेही गेले. मावशी अडलेली पाहून तो म्हणाला, "अहो, दहा हजारांचे पाच युरो मिळायचे. त्यात एवढा विचार कसला?"

"टाचणी माझ्या सबिनोने लावलीय," मावशी म्हणाली. "काढेल तर तोच."

म्हाताऱ्याने टोपी काढली.

आमच्या बंदरात ऑगस्टमध्ये चर्चमधल्या समुद्रमातेची मिरवणूक निघते. मूर्तीच्या खांद्यांवरून दोन निळ्या फिती सोडलेल्या असतात आणि लोक त्यांना नोटा टाचतात. कुणी नवस फेडायला, कुणी शेजाऱ्याने पाहावं म्हणून. मातेची वस्त्रं सांभाळणं, त्या फिती धुऊन ठेवणं ही सेवा माझ्याकडे आहे. सबिनो पहिल्यांदा मोठ्या बोटीवर गेला, त्या कमाईतली ही नोट. त्याने तिला टाचणी लावून ती स्वयंपाकघरातल्या मातेच्या तसबिरीमागे खोचली आणि आईला बजावलं, ऑगस्टमध्ये मीच लावणार, तू मध्ये लुडबुडू नकोस.

बँकेतल्या त्या रांगेच्या महिनाभर आधी, जानेवारीत, त्याची बोट गेली ती गेलीच. बोटीच्या नावाची एक फळी किनाऱ्याला लागली, माणूस एकही नाही. बाकीच्या घरांनी काळे कपडे घातले, चर्चमध्ये मृतांच्या शांतीसाठी मिस्सा वाचून घेतल्या. मावशी मातेला नवस बोलली की पोरगा येईल आणि आपल्या हाताने नोट लावील. ती आपली तपकिरी झग्यातच राहिली, बंदरावर बसून दुसऱ्यांची जाळी विणत. फादरांनी एकदा हळूच मिस्सेचं विचारलं, तर म्हणाली, जिवंत माणसाची कसली मिस्सा?

बँकेतल्या मुलीने त्या दिवशी एक गोष्ट सांगितली होती. शहरातल्या मोठ्या बँकेत जुन्या नोटा आणखी दहा वर्षं घेतील. परतताना मावशीने माझा दंड धरला.

"इम्मा, म्हणजे दहा वर्षं ही जिवंतच म्हणायची ना?"

मी हो म्हटलं.

त्यानंतरही ती मासळीचा भाव लिरातच विचारायची. कोळणी चिडवायच्या, मावशी, तुमचा लिरा मेला. ती हसायची आणि सबिनो पोटात होता तेव्हाचं सांगायची. त्या वर्षी देशभर चिल्लर नाहीशी झाली होती. दुकानदार सुट्ट्या लिरांऐवजी हातावर लिमलेटच्या गोळ्या ठेवायचे. "नऊ महिने मी सुटे पैसे खाल्ले," ती म्हणायची, "म्हणून तर पोरगा इतका गोडघाशा निघाला."

त्या दहा वर्षांच्या मुदतीला जेमतेम तीन महिने उरले होते. डिसेंबरात, संत निकोलाच्या सणादिवशी टीव्हीवर सांगितलं की सरकारी तिजोरीत खडखडाट आहे, तेव्हा राहिलेले लिरे आजपासून रद्द. जुनी नोट आता कुणीही घेणार नाही. दुसऱ्या दिवशी सकाळची मिस्सा संपवून मी तिच्याकडे गेले. ती बंद टीव्हीसमोर बसली होती. नोट मांडीवर.

"अजून तीन महिने होते," ती म्हणाली. "निदान सांगायचं तरी. न सांगता न्यायचं, ही रीतच दिसते."

मी जपमाळ काढली, तिनेही काढली. आमच्या जपमाळेच्या शेवटी मृतांसाठी प्रार्थना असते. इतकी वर्षं तिथे आलं की मावशी ओठ मिटून घ्यायची आणि मी एकटीच ते पुरं करायची. त्या सकाळी मी म्हटलं, प्रभू, त्यांना चिरशांती दे. आणि शेजारून, जाळ्याचा धागा दातांनी तोडावा तसा, तिचा आवाज आला, "दे."

पुढच्या ऑगस्टमध्ये ती मिरवणुकीला आली ती काळ्या झग्यात. धक्क्यावर मूर्ती थांबली होती. मिरवणूक मंडळाचा दोनातो टाचण्यांची उशी मनगटाला बांधून फितींपाशी उभा होता. त्याने नोट हातात घेतली आणि आवाज खाली आणला.

"मावशी, ही चालत नाही आता."

"ठाऊक आहे, बाळा. चालत होती तोवर मी थांबले."

दोनातोने नोट तिला परत दिली आणि फीत पुढे धरली. सबिनोची टाचणी गंजली होती. टोचायला गेली तशी मोडली. दोनातोने उशीतली नवी टाचणी काढली, पण मावशीने मान हलवली. तिने खिशातून जाळ्याचा धागा काढला, नोटेला पडलेल्या गंजाच्या भोकातून ओवला आणि फितीला गाठ मारली. समुद्राच्या ओढीनेही सुटत नाही, ती कोळ्यांची गाठ. मग मागे सरून ती काळ्या झग्यातल्या बायकांत उभी राहिली. त्यांनी तिला जागा करून दिली.

रात्री मंडळाने बँडसाठी, दारूकामासाठी सगळ्या नोटा उतरवून नेल्या. फिती नेहमीसारख्या माझ्याकडे आल्या, एकीला मावशीची नोट तेवढी तशीच. ती गाठ कुणाला सुटली नव्हती आणि कापायला कुणी धजावलं नव्हतं.

सकाळी मी घंगाळात पाणी घेतलं. फीत एका हाताने धुतली. दुसऱ्या हाताने नोट वर धरून ठेवली, पाण्यात जाऊ दिली नाही.