चेहरा झाकला होता

सकाळी नऊला बेगायिमचा बिश्केकहून फोन आला. हॅलोसुद्धा न म्हणता ओरडली, "सालिमा एजे, माझ्या मागे अपाचा शिरदाक दिसतोय!"

ती मला एजे, म्हणजे ताई म्हणते. मुली पळवून नेऊन लग्न लावतात, त्याविरुद्धचं आमच्या संस्थेचं पोस्टर, त्यावर अशाच पळवलेल्या बेगायिमचा फोटो. नाव बदललेलं, चेहरा पुसट केलेला, तिची सही घेतलेली. पण मागे भिंतीवर तिच्या अपाने, म्हणजे आईने केलेला नमद्याचा गालिचा, शिरदाक! नक्षी कशी कातरलीय ते बघून आमच्या नारीनच्या बायका सांगतात, कुणाच्या हातचा ते. मी इथेच जन्मले, मला कळू नये? अक्कल गहाण टाकली होती मी!

"आणि खाली ते वाक्य," ती रडायलाच लागली. "'तिसऱ्या दिवशी आई आली आणि म्हणाली, आता इथेच राहा.' एजे, वर्षभराने अपा आत्ता कुठे बोलायला लागलीय माझ्याशी. बाजारातच बसते ती. तिने बघितलं तर संपलं सगळं."

आमचे साहेब अझीस शांतपणे म्हणाले, "सही आहे ना तिची? अकराला पोस्टरं बघायला पाहुणे यायचेत."

"पाहुणे गेले खड्ड्यात," मी म्हणाले आणि धावत सुटले.

बाजारात बारा पोस्टरं होती. मी नखांनी ओरबाडत होते.

"काय गं, भिंतीशी भांडतेस होय?" तळलेले बोरसोक विकणारी हसली. हिला हसू सुचतंय! अकरा फाडली.

बारावं नमदेवाल्यांच्या रांगेत. त्याच्यापुढे बेगायिमची आई, ग्युलबारा, एकेका ओळीवर बोट ठेवून वाचत होती.

"थांब, फाडू नको," ती म्हणाली. "व्हायचंय माझं वाचून."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. वाचून झाल्यावर म्हणाली, "असंच म्हणाले होते मी. अगदी असंच."

तेवढ्यात फोन वाजला. "एजे, अपाने नाही ना बघितलं?"

खोटं बोलावंसं फार वाटलं. "बघितलं गं. माझ्यासमोरच उभी आहे."

ग्युलबाराने हात पुढे केला. "दे इकडे. दोनच शब्द बोलते." तिचे डोळे भरले होते. मी फोन देणारच होते, पण थांबले.

"बेगायिम, अपा फोन मागतेय. देऊ?"



"नको."

"नको म्हणतेय," मी ग्युलबाराला सांगितलं आणि फोन खिशात घातला. तिचा हात तसाच पुढे होता.