कॅमेऱ्याकडे बघायचं नाही

सोलापूरच्या गौरम्माच्या कडक भाकऱ्यांवर फिल्म काढायला पृथ्वीराज दोघांना घेऊन पुण्याहून आला आणि पहिल्याच दिवशी म्हणाला, "काकू, आम्ही इथं नाहीच असं समजा. फक्त कॅमेऱ्याकडे बघायचं नाही." आता तीन धिप्पाड माणसं चुलीपुढं ठाण मांडून बसलेली, आणि ती नाहीतच असं समजायचं! शिकलेल्यांचं हे असंच असतं. तरी गौरम्मा आठ दिवस मान खाली घालून भाकऱ्या थापत राहिली.

तिचा जीव भाकरीत नव्हताच. फिल्म फोनवर कुणालाही दिसणार, एवढंच तिनं मनात धरलं होतं. तिची एकुलती लेक महेश्वरी तीन वर्षांमागं स्वतःच्या मर्जीनं लग्न करून गेली. कुठं, ते कुणालाच ठाऊक नाही. नवऱ्यानं, वीरभद्रप्पानं, पोरीचे फोटो जाळले आणि घरात तिचं नाव घ्यायचं नाही म्हणून बजावलं.

आठव्या दिवशी नवरा देवळात गेला, तशी गौरम्मानं मान वर केली आणि थेट कॅमेऱ्यात बघून घरच्या कानडीत म्हणाली, "महेश्वरी, मनीगि बा." घरी ये, एवढंच. नवऱ्याला उद्या कळलं तर कळू दे, झोडपलं तर झोडपू दे. पृथ्वीराजला कानडीचं ओ की ठो कळत नव्हतं, आणि त्यानं विचारलंही नाही.

महिन्याभरानं सोलापुरातच एका हॉलमध्ये फिल्म दाखवली. वीरभद्रप्पा पुढच्या रांगेत ऐटीत बसला. गौरम्मा मागं, शेजारच्या रुपालीजवळ. पडद्यावर भाकऱ्या थापून झाल्या, वाळल्या, गठ्ठे बांधले गेले. तिचं ते बोलणं आलंच नाही. शेवटी नुसती अक्षरं आली.

"काय लिवलंय गं?"

रुपाली वाकून पायाखालच्या चपला शोधायला लागली.

"सांग की!"

"मावशी, लिवलंय... गौरम्मा आणि वीरभद्रप्पा यांना मूलबाळ नाही."

लोक टाळ्या वाजवत होते. गौरम्मा तरातरा पृथ्वीराजपुढं जाऊन उभी राहिली.

"माझं बोलणं कुटं गेलं?"

"ते होय? तुम्ही कॅमेऱ्याकडे बघितलंत ना काकू, म्हणून काढलं."

"आन् मूल न्हाय म्हून कुणी सांगितलं?"

"काकांनीच."

"मला लेक हाय! महेश्वरी. लिवा तितं."

पृथ्वीराजचा चेहरा खर्रकन उतरला. माणूस वाईट नव्हता, पण त्याचा आता काय उपयोग?

"बदलतो काकू, दोन दिवसांत बदलतो. पण ही फिल्म सकाळीच फोनवर टाकलीय. हजारेक लोकांनी बघितलीसुद्धा."

"कुणी कुणी?" गौरम्मानं विचारलं.