‘मशीन ताबडतोब परत करा’

मित्रांनो, मी एक जुनी ट्रेडल आहे, पायाने चालवायची छपाईची मशीन. ठाकूरद्वारच्या एका वाडीत तळमजल्यावर तात्यांनी मला बसवलं. लग्नपत्रिका, मुंजीची आमंत्रणं, नाटकांच्या जाहिराती मी छापत असे. गिऱ्हाइकाने छपाईची तारीफ केली की तात्या कौतुकाने माझ्यावरून हात फिरवत. ते गेल्यावर त्यांच्या सुनेने, सुमतीबाईंनी, पदर खोचला आणि छापखाना चालू ठेवला.

पुढे संयुक्त महाराष्ट्राची चळवळ पेटली. सभांची पत्रकं आम्ही छापू लागलो. एके सकाळी पोलीस आले आणि मला लॉरीत घालून घेऊन गेले. सुमतीबाईंवर खटला झाला, पण पत्रकांत बेकायदा काहीच निघालं नाही. कोर्टाने त्यांना सोडलं आणि हुकूम दिला, मशीन ताबडतोब परत करा.

कसलं ताबडतोब! जप्तीच्या मालाच्या आवारात मी उघड्यावर पडून होते. उन्हाने माझे शाई लावणारे सरसाचे रूळ वितळले, पावसाने सांधे गंजले. सुमतीबाई हुकूम घेऊन खेटे घालत. कधी आवाराचे साहेब जागेवर नसत, कधी म्हणत, वरून मंजुरी यायची आहे. कोर्टाच्याही वर कोण बसलं होतं, ते मला अजून कळलेलं नाही. शेवटी साहेब म्हणाले, मशीन सुस्थितीत मिळाली असं लिहून सही करा आणि न्या. सुमतीबाईंनी माझ्याकडे नीट पाहिलं आणि सही न करता त्या निघून गेल्या. मला फार वाईट वाटलं. मला घरी जायचं होतं.

त्यांनी श्यामकांत वकिलांना गाठलं. साहेबांनी कोर्टाचा हुकूम धाब्यावर बसवला म्हणून हायकोर्टात अवमानाचा अर्ज केला. तिथली हकिकत मी नंतर वकिलांच्याच तोंडून ऐकली. साहेबांच्या बाजूने सांगण्यात आलं की आम्ही देत होतो, बाईच नेत नाहीत. न्यायमूर्तींनी सुमतीबाईंना विचारलं, सही का केली नाही?

त्या म्हणाल्या, “मी जन्मभर दुसऱ्यांचं लिहिलेलं छापलं. पण खोट्याखाली माझं नाव घालणार नाही.”

न्यायमूर्तींनी साहेबांना बजावलं, मशीन दुरुस्त करून स्वतः वाडीत पोचवा, नाहीतर तुरुंगात जायची तयारी ठेवा. मग मात्र मंजुरी, लॉरी, हमाल सगळं मिळालं! साहेबांनी कोर्टाची बिनशर्त माफी मागितली. सुमतीबाईंना मात्र ते ‘चुकलं’ एवढंही म्हणाले नाहीत. वाडीच्या तोंडाशी घाम पुसत उभे राहिले आणि त्यांनी पावती पुढे केली.

मित्रांनो, यंत्राला वेळेवर तेल द्या, त्याला ऊनपावसात टाकू नका. आणि कोर्टाचा हुकूम हाती आला म्हणून स्वस्थ बसू नका, तो पाळला जाईपर्यंत पिच्छा पुरवा. सुमतीबाईंनी तेच केलं. पावतीवर त्यांनी ठसठशीत अक्षरांत लिहिलं, ‘तुम्ही मोडलेली मशीन, कोर्टाने फटकारल्यावर, दुरुस्त होऊन मिळाली,’ आणि मग खाली सही केली.