दिवस-रात्र चेष्टा

भिवाजी काही बोलले की मध्य प्रदेशातल्या सौसरच्या बाजारात माणसं पोट धरून हसत. त्यांच्या बायकोचं, मनकर्णाबाईंचं, तसं नव्हतं. त्याही हसत, पण दुसऱ्या दिवशी.

त्यांना विनोदाचं वावडं होतं असं मुळीच नाही. मनकर्णाबाई गावभरच्या बायकांचे ब्लाउज शिवायच्या. कोणी नव्या धाटणीचा ब्लाउज घालून आली, की यांचं लक्ष तिच्या गप्पांत नसे, बाहीच्या जोडात असे. विनोदाचंही तेच. चार माणसं हसत असताना त्या मनातल्या मनात तो उसवत बसायच्या.

मागे एकदा मुलगा राजू बाहेरून आला आणि म्हणाला, "बाबा, बँकेत नवे साहेब आले. चावला."

भिवाजी पोहे खाता खाता म्हणाले, "कोनाले?"

राजू हसला, शेजारचा मोरेश्वर हसला, मुलीला, पूनमला, तर ठसकाच लागला. मनकर्णाबाई गप्प. दुसऱ्या दिवशी भाकरी थापता थापता त्या एकदम खुदकन हसल्या.

"काय झालं व?" भिवाजींनी विचारलं.

"कालचं. राजूनं आधी साहेब म्हटलं अन् मंग चावला म्हटलं, म्हनून जमलं. 'चावला साहेब आले' म्हटलं असतं, त तुमाले काहीच करता आलं नसतं."

भिवाजींनी कपाळाला हात लावला. "अवं, जोकची चिरफाड करत नाहीत. समजावून सांगितला का मरते तो."

"मी कुठं कोनाले सांगून राहिली? मी माह्यापुरतं पाहून राहिली."

असा यांचा संसार. त्यात पूनमचं लग्न ठरलं. मुलगा रोहित, पांढुर्ण्याला वीज खात्यात इंजिनिअर, घरचे नरसिंहपूरचे. पूनम पांढुर्ण्यात शाळेवर शिकवायची, येता-जाता बसमध्ये ओळख झाली आणि दोघांनी आपापल्या घरी सांगून टाकलं. मुलगा शांत, निर्व्यसनी, थोडंफार मराठी बोलणारा. नाही म्हणायला जागाच नव्हती.

साक्षगंध पांढुर्ण्यातल्या एका हॉलमध्ये ठेवलं. पाहुणे इटारसीला गाडी बदलून सकाळीच उतरले. रोहितचे वडील मुकुंदप्रसाद पटेल हे निवृत्त हिंदी शिक्षक. उंच, ताठ, खादीचं जाकीट. चहा घेतानासुद्धा पूर्ण वाक्यात बोलायचे.

आता, या भागातल्या माणसाला हिंदी येत नाही असं कोण म्हणेल? बसमधली येते, मंडीतली येते, तहसीलीतली तर झोपेत येते. पण मुकुंदप्रसादांची हिंदी कडक इस्त्रीची होती. भिवाजींचे चुलतभाऊ कवडू तर दर वाक्याला आधी मान डोलवत आणि मग शेजाऱ्याला विचारत, "काय म्हनले?"

अंगठ्या घालून झाल्या. फोटोवाल्यानं पोरापोरीला बाहेर झाडाखाली नेलं. तेवढ्यात मुकुंदप्रसाद उभे राहिले. त्यांनी हात जोडले आणि घसा साफ केला.

"पूनम आज से हमारी भी बेटी है," ते म्हणाले. "वह सुखी रहे, इसके लिए हमारा पूरा परिवार दिन-रात चेष्टा करेगा."

बायकांच्या रांगेतून एक 'फिस्स' आली. कोणीतरी पदर तोंडात कोंबला. आणि कवडूकाका, ज्यांना एकदाचा एक शब्द कळला होता, मोठ्यानं म्हणाले, "दिवस-रात्र? मंग पोट्टीनं झोपावं कवा?"

हॉलच्या अर्ध्या भागात हशाचा स्फोट झाला. भिवाजींना राहवलं नाही. "इवायबुवा," ते व्याह्यांना म्हणाले, "सगळ्या घरानं काऊन तरास घ्यावा? एक-दोघांनी केली तरी चालन!"

आता तर माणसं एकमेकांच्या अंगावर पडू लागली. हॉलचा दुसरा अर्धा भाग मात्र गार पडला होता. मुकुंदप्रसाद तसेच हात जोडून उभे होते. हळूहळू त्यांचे हात खाली आले.

"मैंने कुछ अनुचित कहा?"

"नही नही, समधीजी," भिवाजी घाईघाईनं म्हणाले, "मजाक है. खाली मजाक."

"मजाक?" मुकुंदप्रसादांचा चेहरा लाल झाला. "मैं सबके सामने वचन दे रहा हूँ, और आपको मजाक लगता है?"

ते खाली बसले. त्यांच्या बायकोनं डोक्यावरचा पदर पुढं ओढला. ओटीचं ताट घेऊन निघालेली त्यांची बहीण अर्ध्या वाटेत थांबली.

मनकर्णाबाईंनी नवऱ्याच्या दंडाला धरलं. "सांगा न त्यायले, काय झालं ते."

"काय सांगू? सांगितलं त जोक मरते."

"मरू द्या त्याले! तिकडं सोयरीक मरून राहिली न."

आयुष्यभर बाजार हसवलेल्या माणसाला, माणसं का हसली हे सांगता येत नव्हतं. मनकर्णाबाईंना त्यांची एकदम दया आली. त्यांनी पदर खोचला, एक खुर्ची ओढली आणि थेट व्याह्यांसमोर जाऊन बसल्या.

"भाऊसाब, आप बराबर बोले," त्या म्हणाल्या. "गलती आपके मुँह की नही, हमारे कान की है."

मुकुंदप्रसादांनी वर पाहिलं.

"आपके यहाँ चेष्टा मतलब कोशिश. राजू की हिंदी की किताब में था, मेरे को मालूम है. पर हमारे मराठी में चेष्टा मतलब टिंगल. खिल्ली उडाना. आपके मुँह से कोशिश निकली, और हमारे कान में आते-आते उसकी खिल्ली हो गई."

मुकुंदप्रसादांनी चष्मा काढला. पेपर तपासताना एखादं वाक्य पुन्हा वाचावं तसं ते पुटपुटले, "हमारा पूरा परिवार... दिन-रात... बहू की खिल्ली उड़ाएगा."

आधी त्यांचे खांदे हलले. मग जाकीट हललं. मग तो ताठ माणूस खुर्चीत पार दुमडला. "हे भगवान! और मैंने कितनी गंभीरता से कहा!"

"इसीलिए तो हँसी आई," मनकर्णाबाई म्हणाल्या. "आप हँसके बोलते, तो कोई नही हँसता."

मुकुंदप्रसादांनी डोळे पुसत बायकोला सांगितलं. तिनं नणंदेला सांगितलं, ओटीचं ताट हिंदकळलं. मागच्या रांगेतल्या म्हाताऱ्या आत्यानं दोनदा सांगायला लावलं आणि मग ती सगळ्यांत जास्त हसली. भिवाजी बघतच राहिले. त्यांच्या हिशोबानं तो विनोद केव्हाच मेला होता.

मास्तर मात्र आता रंगात आले होते. "समधनजी, ऐसे और भी शब्द होंगे?"

"बहोत. आपने नौकरी में बच्चों को क्या दिया?"

"शिक्षा."

"हमारे यहाँ शिक्षा मतलब सजा."

मुकुंदप्रसादांनी क्षणभर विचार केला. "तब तो मेरे सारे विद्यार्थी मराठी जानते थे."

आणि मनकर्णाबाई हसल्या. जागच्या जागी, मोठ्यानं, डोळ्यांत पाणी येईस्तोवर. राजूनं दचकून बापाकडे पाहिलं. आईला असं हसताना त्यानं कधी पाहिलं नव्हतं.

लग्न संत्र्याची तोडणी झाल्यावर करायचं ठरलं. परत येताना गाडीत भिवाजींनी विषय काढला.

"माह्या बोलन्यावर त्यायच्यातलं कोनीच हसलं नाही," ते म्हणाले.

"तुमचं त्यायले समजलंच कुठं? मी चेष्टा सांगितली, 'एक-दोघांनी केली तरी चालन' हे सांगायचंच राहून गेलं."

"मंग राहू देलं काऊन?"

"फोन आला का सांगीन."

फोन आठवड्याच्या आतच आला. मनकर्णाबाई मशीनवर बसल्या होत्या, त्यांनी तो स्पीकरवर टाकला.

"समधनजी, एक समस्या है," मुकुंदप्रसाद म्हणाले. "कल आपके कवडूजी रोहित को बाजार में मिले. उन्होंने पूछा, प्रकृती कशी आहे? रोहित ने कहा, बहुत हरी-भरी है, इस बार पानी अच्छा गिरा. वे वहीं खड़े-खड़े हँसते रहे. क्यों?"

मनकर्णाबाईंनी मशीनवर डोकं टेकलं. खाटेवर आडवे झालेले भिवाजी ताडकन उठून बसले.

"ये इकडं, मले दे तो फोन!"

"थांबा," मनकर्णाबाई हसू आवरत म्हणाल्या, "आधी माहं बोलनं होऊ द्या." आणि फोन दुसऱ्या हातात घेऊन त्या अंगणात निघून गेल्या.