माझा दशरथ

आमची सून त्रिवेणी लहान मुलांसाठी रामायणाचे कार्टून सिनेमे बनवते. तिच्याकडची रीत अशी, की आधी खऱ्या माणसाकडून हालचाली करून घ्यायच्या, मोबाइलवर त्या टिपायच्या आणि मग ते बघून चित्रं हलवायची. एका दुपारी ती मला म्हणाली, "मामंजी, एक म्हातारा पाहिजे होता. पडायचं, उठायचं. रामासाठी जीव देतो तो."

एवढं पुरे होतं. रामासाठी जीव देणारा म्हातारा म्हणजे दशरथ, हे मला कुणी शिकवायला पाहिजे? मी विचारलंसुद्धा नाही. सतरंजीवर आठ वेळा पडलो आणि गुडघ्यावर हात टेकून, कण्हत, आठ वेळा उठलो. हात पसर म्हणाली, तेही पसरले. पोरगा वनवासाला निघाल्यावर बाप दुसरं काय करणार?

मग आमच्या सगळ्या काचीगुडा मोहल्ल्यात मीच बोभाटा केला. सिनेमा लागल्यावर शेजारच्या शंकररावांसकट सात जणांना घेऊन गेलो. 'दशरथमहाराज' म्हणून त्यांनी मला मधली खुर्ची दिली.

दशरथ आला आणि गेला. ताठ कण्याचा, भरदार छातीचा कुणी तरी होता तो. माझा त्याच्याशी काडीचा संबंध नव्हता. शंकरराव माझ्याकडे बघत होते, मी पडद्याकडे.

पुढे रावण सीतेला घेऊन निघाला. तेवढ्यात एका झाडावर म्हातारा जटायू गुडघ्यावर पंख टेकून, कण्हत उठला.

"हौ की, हे तर तुम्हीच एकनाथराव," शंकरराव म्हणाले.

सातही जण खिदळायला लागले. राजा म्हणून मिरवत आलो आणि गिधाड निघालो. धरणीनं पोटात घ्यावं असं वाटलं, पण थिएटरची फरशी पक्की होती. सुनेशी आठवडाभर बोलायचं नाही, असं मी तिथंच ठरवलं.

तिकडं जटायू पडत होता, उठत होता. पंख छाटला तरी उठला. मग मात्र उठला नाही. पुढच्या रांगेतली एक चिमुरडी हमसून हमसून रडायला लागली. तिची आई समजावून दमली.

शंकरराव माझ्याकडे बोट दाखवत पुढे वाकले. "रो नक्को बेटा. वो पक्षी येइच है. जिंदा है, देख."

पोरीनं वळून मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. तिचा काही विश्वास बसला नाही.

"तो उडके बताओ," ती म्हणाली.

मागून कुणी तरी "बसा हो खाली" म्हणालं, कारण तोवर मी उठलो होतो. खुर्च्यांच्या त्या अरुंद जागेत मी दोन्ही बाजूंना हात पसरले, जितके पसरतील तितके. डावा पंख शंकररावांच्या चष्म्याला लागला.